बोटभर वर

अहो, तुम्ही असता तर उंबऱ्यातूनच विचारलं असतंत, "सीट कुटं हाय?" ते मी शेवटी सांगणार आहे. इतकी वर्षं माझं बोलणं तुम्ही मध्येच तोडत आलात. आता तोडता येत नाही, तेव्हा पहिल्यापासून सगळं ऐकून घ्या.

तुम्ही गेल्यावर घरी आलेला प्रत्येक माणूस चहाचा कप खाली ठेवताना एकच बोलला, देवमाणूस होता. मी मान हलवायची आणि मनात म्हणायची, देवमाणूस कसला, लोकांच्या सायकलींना न विचारता हात लावणारा माणूस होता. अक्कलकोट रोडच्या टॉवेल कारखान्यात तुम्ही जॉबर, म्हणजे बिघडलेले माग ताळ्यावर आणणारे. दिवसभर नटबोल्ट पिळूनही तुमच्या हातांची हौस फिटायची नाही. पाळी सुटली की फाटकाशी उभे राहून घरी निघालेल्यांच्या सायकली बघत बसायचात. कुणाचा गुडघा पेडल मारताना पोटाला लागतोय, कुणाची कंबर सीटवर डावीउजवीकडे डुलतेय. दुसऱ्या दिवशी त्या माणसाला आपली सीट बोटभर वर किंवा खाली सापडायची. एकदा एक विणकर तेलुगूत तुमच्या सात पिढ्यांचा उद्धार करत थेट घरी आला होता. तुम्ही त्याला पाणी दिलंत, त्याच्या चपलांकडे बघितलंत आणि म्हणालात, "मदल्या तळव्यानं पेडल मारतोस की. म्हणून पोटरी धरती." तो आणखीच भडकला. मी आतून तुमची बाजू घ्यायला आले नाही, कारण माझ्या सायकलची सीटसुद्धा त्याच दिवशी सकाळी वर गेली होती.

आणि तुमचं सगळंच बरोबर असायचं असंही नाही. स्वतःच्या सायकलच्या सीटचं टोक तुम्ही कुणाचं तरी ऐकून वर उचललं होतंत, आणि मग आठवडाभर जेवायला उशी घेऊन बसत होता. तो आठवडा माझा फार सुखाचा गेला.

माझ्या सायकलची कथा माझ्या गुडघ्यापासून सुरू झाली. पुढच्या खोलीत मशीन मांडून मी ब्लाउज शिवते, पायाने चालणारं मशीन, आणि उजवा गुडघा जिना उतरताना कुरकुरायला लागला होता. डॉक्टर म्हणाले सायकल चालवा. मी हसले. माहेरी चुलतभावाच्या सायकलच्या नळीखालून पाय घालून चालवली होती तेवढीच. तुम्ही मात्र हसला नाहीत. संध्याकाळी एक जुनी लेडीज सायकल घेऊन आलात, तेलपाणी करून, आणि मला तिच्या शेजारी उभं केलंत. सीट माझ्या कंबरेच्या हाडापर्यंत आणलीत. माप घ्यायची तुमची पद्धत बघून मला बरं वाटलं होतं हे खरं, कारण जन्मभर मी दुसऱ्यांची मापं घेतली, माझं कुणी घेतलं नव्हतं.

पण वर चढले आणि किंचाळले. पायांचे अंगठे तेवढे जमिनीला लागत होते.

"खाली करा."

"याक? का गं, भ्या वाटतंय व्हय?"

"मला दोन्ही पाय टेकले पाहिजेत."

"पाय भुईला टेकायचे का पेडलला?"

"दोन्हीला."

"अगं, पाट हाय का त्यो बसून जेवायला? सीट हाय ती. दोनी पाय भुईला टेकले तर गुडघा वाकलेलाच ऱ्हातो. समदा भार पुडच्या वाटीवर. मग दुखंल न्हाय तर काय."

तुमचं म्हणणं मला पाठ आहे. टाच पेडलवर ठेवायची, पेडल पार खाली न्यायचं, पाय तिथे सरळ झाला पाहिजे. मग टाचेऐवजी पंजा ठेवला की गुडघा जरासा वाकतो, तेवढाच वाकायला हवा. आणि थांबताना सीटवर बसून राहायचं नाही, पुढे सरकून उतरायचं, एक पाय खाली. हे सगळं मला डोक्याने पटत होतं. पण चालत्या रिक्षा-ट्रकच्या शेजारी सीटवरून पुढे सरकायचं म्हणजे जमीन आहे असं धरून चालायचं, आणि माझा जमिनीवर तेवढा विश्वास नव्हता. मी पाना घेतला आणि सीट पार खाली बसवली. तुम्ही पाना पुसून परत खिळ्याला लावलात. मला तेव्हाच समजायला हवं होतं.

कारखान्यांना सुट्टी असायची त्या दिवशी सकाळी आपण एमआयडीसीतल्या मोठ्या रस्त्यावर जायचो. माग बंद असले की तो भाग ओळखू येत नाही. एरवी भिंतीतून खटखट येते, त्या दिवशी आपल्या चेनचा आवाज ऐकू यायचा. तुम्ही मागून यायचात आणि माझ्या पाठीकडे बघून शेरे मारायचात. कोपर ताठ नको. खांदे कानाला लावू नको. हँडलवरून आपली जुंपली ती तिथेच. तुम्ही कोपर सीटच्या टोकाला लावून, बोटं जिथे पोचतात तिथे हँडल बसवलं होतंत, पण कोपर तुमचं होतं. मी म्हटलं, तुमच्या मापाचा ब्लाउज मी घालते का? मग माझ्या हाताने मापून हँडल जवळ आलं आणि हाताला येणाऱ्या मुंग्या थांबल्या. तो वाद मी जिंकला. तुम्ही दोन दिवस तोंड आंबट करून होतात.

सीटचा वाद मात्र त्या पहिल्या दिवसानंतर तोंडाने कधी झालाच नाही. चार-आठ दिवस गेले की सीट बोटभर वर गेलेली असायची. तुम्हाला वाटायचं मला कळणार नाही. अहो, काखेतला अर्धा इंच ज्या बाईच्या डोळ्याला खुपतो तिला बोटभर सीट कळणार नाही? मी काही न बोलता पुन्हा खाली करायची. तुम्ही काही न बोलता पुन्हा वर करायचात. मध्ये कधी मी आळस करायची, तेवढं तुमच्या पदरात पडायचं. असं करत करत सीट पहिल्यापेक्षा बरीच वर आली होती, आणि गुडघा कमी दुखत होता, आणि हे मी तुम्हाला सांगितलं नाही. सांगितलं असतं तर तुम्ही थांबला असता. सकाळी उठल्यावर आधी सीटला हात लावून बघायचं, आज केलीय का, ह्यात मला जी मजा यायची ती मला कुणाला समजावून सांगता येणार नाही. मला ते फार आवडायचं, एवढंच आता सांगते.

त्या सकाळी आपण परत आलो. तुम्ही दोन्ही सायकली घरातल्या बोळात स्टँडवर लावल्यात, पाना खिळ्याला अडकवलात आणि पायरीवर बसलात. म्हणालात, "आजून योक बोट. उद्या बगू." मी म्हटलं, हात तर लावून बघा सीटला. आणि चहा टाकायला आत गेले. बाहेर आले तेव्हा तुम्ही भिंतीला टेकून बसला होता आणि नजर समोर लागलेली होती. मी कप खाली ठेवून तुम्हाला हाक मारली. मग हलवलं. मग शेजारचे आले. तुमचे डोळे मिटायला मी तुमच्या शेजारी, पायरीवर, अगदी खेटून बसले, आणि तिथून काय दिसतं ते बघितलं. तिथून माझी सीट दिसते. दुसरं काहीच दिसत नाही.

दहाव्याला आपण सगळे मंद्रूपकडे नदीवर गेलो. आपण म्हणते, कारण तुम्हीही होतातच. पिंड मांडला. कावळे झाडावर भरपूर होते, एकही खाली उतरेना. तुमचे धाकटे बंधू, बाळू भावजी, हात जोडून एकेक कबूल करत गेले.

"दादा, बांदाचं भांडाण मिटवतो की मी. शिव की."

कावळे बसून.

"पल्लवीचं आमी बगतो. माहेरपणात कायबी कमी पडू द्येत न्हाय. काय राह्यलंय रं तुजं? सांग की."

कावळे बसूनच. पुण्याहून आलेली पल्लवी रडत म्हणाली, "बाबा, मी दर महिन्याला येईन." तरी नाही. ऊन चढलं. लोक एकमेकांकडे बघायला लागले. वन्सं माझ्या कानाशी आल्या. "तुमाला म्हाइत असंल वयनी, काय इच्छा हुती ती. बोला."

मला माहीत होतं. अहो, तिथे मला एकटीला माहीत होतं. पण चारचौघांत नदीकाठी उभं राहून 'सायकलची सीट वर करते' म्हणायचं कसं? लोक हसले असते, म्हणून मी गप्प राहिले, असं त्या दिवशी मी स्वतःला सांगितलं. खरं तसं नव्हतं. कावळा शिवला की माणूस मोकळा होतो म्हणतात. मला तुम्ही मोकळे व्हायला नको होता. मी पदर तोंडाला लावला आणि ओठ घट्ट मिटून घेतले. शेवटी गुरुजींनी दर्भाचा कावळा केला आणि तो पिंडाला लावला. गवताच्या कावळ्यावर तुम्ही फसणार नाही ही माझी खात्री होती.

घरी आल्यावर वन्संनी माझ्या टिकल्यांचं पाकीट उचलून फळीवर मागे सारलं. मोठ्या मरून टिकल्या होत्या. "आता बारकी काळी लावा पायजे तर," म्हणाल्या. त्यांचा हेतू वाईट नव्हता. पल्लवी तीन-चार दिवस राहून पुण्याला गेली आणि घरात मी, मशीन आणि बोळातल्या दोन सायकली उरलो.

माझी सायकल बोळात, पण मशीनच्या अगदी मागे, उघड्या दाराला लागून असते. बसल्या जागी डावा हात मागे नेला की सीट लागते, म्हणून मापाची टेप मी सीटवर टाकून ठेवते. ती सवय इतकी जुनी झाली आहे की मी बघतही नाही. एका सकाळी मी टेपेसाठी हात मागे नेला आणि हात सीटच्या खाली गेला. थंड लोखंडाला बोटं लागली. टेप वर होती. मी हात तसाच ठेवून बसून राहिले, मागे वळायचं धाडस होईना. रस्त्यावरून भाजीवाला ओरडत गेला तेव्हा वळले.

बोटभर. तिथे माझं बोट ठेवून बघितलं, बरोबर बोटभर.

मग मी म्हटलं, आपणच चुकत असू. दुःखात माणूस खचतं म्हणतात, तशी मीच खुर्चीत खाली बसायला लागले असेन. म्हणून खूण करायची ठरवली. फळीवरचं पाकीट काढलं आणि सीटच्या दांड्यावर, जिथे तो सायकलच्या नळीत शिरतो तिथे काठाला लागून, एक मरून टिकली लावली. दांडा खाली गेला तर टिकली नळीत जाऊन घासली जाईल, वर आला तर टिकली वर येईल. दोन दिवस टिकली काठावर होती. तिसऱ्या दिवशी नवी पेठेत अस्तर आणि हूक आणायला गेले, घराला कुलूप लावून. भर दुपारी परत आले. कुलूप काढलं, आत आले, आणि टिकली बोटभर वर आली होती. खाली तेवढाच दांडा उघडा, नुकता पुसल्यासारखा चकचकीत. पाना भिंतीवरच्या खिळ्यालाच होता. पण त्याचं तोंड भिंतीकडे होतं. मी पाना टांगते तेव्हा तोंड बाहेर असतं. भिंतीकडे तोंड करून तुम्ही टांगायचात, डावखुरे म्हणून.

मी खोटं कशाला बोलू, मी बाहेर पळाले. चपलाही घातल्या नाहीत.

मग धीर करून परत आत आले आणि सायकल ढकलत कोपऱ्यावरच्या सायकलवाल्या रफीकभाईंकडे नेली. तुम्ही त्यांच्या दुकानात तासन्तास बसायचात, म्हणून त्यांनी आधी खुर्ची दिली. मी विचारलं, सीट आपोआप सरकते का हो कधी?

"सरकती ना भाभी. ढिल्ली रही तो निच्चे बैठती."

"आणि वर?"

त्यांनी माझ्याकडे बघितलं. "उप्पर कब्बी नै चढती." बोल्टला पाना लावून बघितला आणि हात झटकला. "और ये तो ढिल्लाइच नै. बाप रे. इत्ता टाइट तो भैयाइच करते थे."

हे ऐकून मी घरी आले आणि माझी भीती कुठे गेली ते मला कळलं नाही. बोल्ट उघडायला मी पान्यावर पाय ठेवून उभी राहिले, अख्खा भार टाकला, तेव्हा तो कुरकुरत फिरला. ह्या घरात तसा पिळणारा हात एकच होता. पल्लवीला फोनवर सांगितलं तर म्हणाली, "आई, तूच करत असशील, तुझ्या लक्षात राहत नसेल." मी म्हटलं, असेल बाई. तिच्याशी कशाला वाद घालू, माझा वाद दुसरीकडे चालू होता.

सीट मी पुन्हा खाली केली. खाली करताना मोठ्याने म्हणाले, "या आता."

आणि तुम्ही आलात. दोन-तीन दिवसांनी सीट वर. मी खाली. पुन्हा वर. प्रत्येक वेळी मी काठावर नवी टिकली लावायची, घासलेल्या, चिकटलेल्या, दांड्यावर ओळच झाली. मी नीट जेवायला लागले. पडून राहिलेल्या गिऱ्हाइकांचे ब्लाउज पुरे केले. शेजारची म्हणाली, बरं झालं, सावरलात. मला हसू यायचं. सावरले कसली, माझा नवरा घरात होता. मशीन चालवताना मी तुमच्याशी बोलायची. कधीकधी माझे पाय थांबल्यावरही चाक फिरल्याचा आवाज यायचा, सायकलच्या चाकाचा, स्टँडवर पेडल हाताने मारून तुम्ही तपासायचात तसा टिकटिक. मी मागे बघायची नाही. बघितलं की तुम्ही थांबायचात हे मला ठाऊक झालं होतं.

ह्यात बदल कधी झाला ते मला उशिरा कळलं. एक दिवस बोल्ट उघडायला पाय लावावा लागला नाही, दोन्ही हातांनी निघाला. मला वाटलं, मला सराव झाला. मग एका हाताने निघाला. टिकली बोटभर वर जायची ती अर्धं बोट जायला लागली. एकदा सुतळीएवढी गेली. मी रफीकभाईंना दाखवलं. ते म्हणाले, "कित्ते बार खोले भाभी? आटे घिस गए पूरे." त्यांनी नवा बोल्ट बसवला, नवा नट बसवला, पाना लावून मला दाखवला, आता हलणार नाही. मी निश्चिंत झाले. घरी येऊन सीट पार खाली बसवली, पहिल्या दिवशी होती तिथे, दोन्ही पाय टेकतील तिथे. इतकी खाली मी कधीच केली नव्हती. का केली? तुम्हाला जास्त दिवस पुरावं म्हणून केली.

त्यानंतर बरेच दिवस काही झालं नाही. मग परवा सकाळी दार उघडून बोळात आले तर टिकली काठापासून सुटली होती. दोरा जाईल एवढीच फट. नवा बोल्ट बोटाने हलत होता. आणि पाना खिळ्यावर नव्हता. खाली फरशीवर पडला होता, मागच्या चाकाशी.

अहो, तुम्ही कधी हत्यार जमिनीवर टाकलं नाहीत. त्या सकाळीसुद्धा छातीत काय होत होतं देव जाणे, पण पाना खिळ्याला अडकवून मगच पायरीवर बसलात. मी पान्याजवळ फरशीवर बसले. पायरीकडे बघितलं. तिथे कुणी नव्हतं, पण बसलेलं माणूस दमून भिंतीला टेकावं तसं काहीतरी त्या पायरीवर होतं, आणि त्याची नजर माझ्या सीटवर होती. मला भीती वाटली नाही. मला लाज वाटली. तुम्हाला जवळ ठेवायच्या नादात मी तुम्हाला राबवत होते. जन्मभर मागांवर राबलेल्या माणसाला, मेल्यावर, एका बोल्टवर. आटे झिजले असतील, फरशी हलली असेल, पाना उंदराने पाडला असेल. काहीही असेल. मला त्या पायरीकडे बघवेना.

मी उठले, पाना घेतला. सायकलशेजारी उभी राहिले, सीट कंबरेच्या हाडाशी आणली. भिंतीला धरून वर बसले, टाच पेडलवर ठेवली आणि खाली नेली. पाय अजून वाकलेला होता. उतरले, थोडी वर घेतली. पुन्हा बसले. तुम्ही त्या दिवशी म्हणाला होतात, अजून एक बोट. मी एक बोट ठेवून मापलं आणि तेवढी वर घेतली. टाच खाली गेली आणि पाय सरळ झाला. मग बोल्ट पिळला, पान्यावर पाय ठेवून, अख्खा भार टाकून, तुमच्यासारखा. पाना खिळ्याला लावला, तोंड भिंतीकडे करून. दांड्यावरच्या टिकल्या नखाने काढल्या. त्यातली एक बरी होती, ती कपाळाला लावली. तेलकट हातामुळे चिकटेना, दाबून धरली तेव्हा बसली.

आणि मी सायकल बाहेर काढली. अक्कलकोट रोडला निघाले. तुमच्या कारखान्यात माग चालू होते. रस्त्यात एक टेम्पो आडवा आला तेव्हा मी सीटवरून पुढे सरकले आणि पाय खाली टाकला. जमीन होती. गुडघा जातानाही दुखला नाही, येतानाही नाही, चढावरसुद्धा नाही. तुमचंच खरं होतं. पण हे मी रस्त्यात म्हटलं नाही. एकदा म्हटलं की संपणार हे मला कळत होतं, म्हणून दोन दिवस ते तोंडात धरून ठेवलं. दोन्ही सकाळी सीट होती तिथेच होती. चाकाचा आवाज आला नाही. बोळात फक्त दोन सायकली होत्या.

आज भाकरी केली, शेंगाचटणी, दही घातलं, तुम्हाला लागतं तेवढं. ताटली घेऊन मागच्या दारी गेले. भिंतीवर, झाडावर, तारेवर एकही कावळा नव्हता. मला बरं वाटलं, आज नाही येणार. भाकरीचा तुकडा चटणीत बुडवून भिंतीवर ठेवला आणि हात न काढता, हळूच, शेजारी ऐकू जाऊ नये एवढ्या आवाजात म्हटलं, "सीट वर आहे. वरच राहील. तुमचंच खरं."

मला वाटलं होतं, निदान थोडा वेळ तरी काढाल. काळा पंख बोटांना घासून गेला.

मी अजून हात मागेही घेतला नव्हता.